हक्काच्या छपराचा प्रश्न : अहमदनगर (अहिल्यानगर) जिल्ह्यातील परित्यक्ता स्त्रिया, घरगुती हिंसाचार आणि निवाऱ्याचा इतिहास

सारांश

घरगुती हिंसाचाराला बळी पडलेल्या स्त्रीला आश्रय कोठे मिळाला, या प्रश्नाचा अहमदनगर जिल्ह्याच्या संदर्भात ऐतिहासिक मागोवा घेण्याचा प्रयत्न प्रस्तुत निबंधात केला आहे. एकोणिसाव्या शतकापासून महाराष्ट्रात उभ्या राहिलेल्या आश्रयसंस्थांनी प्रामुख्याने विधवा, अनाथ व दुष्काळग्रस्त स्त्रियांचा विचार केला. पती हयात असूनही घराबाहेर पडावे लागलेली स्त्री ही 'निराधार' या व्याख्येत दीर्घकाळ बसली नाही. हा प्रश्न सार्वजनिक चर्चेत आणण्याचे कार्य संगमनेर येथील परित्यक्तांच्या चळवळीने केले. २००५ च्या कायद्याने स्त्रीचा निवासाचा हक्क मान्य केला, तरी निवारागृहांच्या नियमांमध्ये जुनी समजूत टिकून राहिली, असे प्रतिपादन येथे केले आहे.

बीजसंज्ञा : परित्यक्ता, घरगुती हिंसाचार, निवारागृह, पोटगी, निवासाचा हक्क, संगमनेर.

१. प्रस्तावना

अहमदनगर हा क्षेत्रफळाच्या दृष्टीने महाराष्ट्रातील सर्वांत मोठा जिल्हा होय. चौदा तालुक्यांच्या या जिल्ह्याला २०२४ मध्ये अहिल्यानगर हे नाव देण्यात आले. ज्या अहिल्याबाई होळकरांच्या नावाने तो आज ओळखला जातो, त्यांचा जन्म याच जिल्ह्यातील जामखेड तालुक्यातील चोंडी या गावी १७२५ मध्ये झाला. सहकारी साखर कारखानदारी, ग्रामीण आरोग्य आणि ग्रामविकास यांतील प्रयोगांमुळे हा जिल्हा अभ्यासकांना परिचित आहे. तथापि, जिल्ह्याच्या सामाजिक इतिहासातील एक महत्त्वाचा भाग तुलनेने दुर्लक्षित राहिला आहे. तो म्हणजे सासरी नांदू न शकलेल्या, मारहाण करून हाकलून दिलेल्या वा नवऱ्याने टाकलेल्या स्त्रियांचा.

सदर निबंधाची उद्दिष्टे पुढीलप्रमाणे आहेत : (अ) परित्यक्ता स्त्रीचे स्थान रूढी व कायदा यांनी कसे ठरविले ते पाहणे, (आ) जिल्ह्यातील व परिसरातील आश्रयसंस्थांच्या विकासाचा आढावा घेणे, (इ) संगमनेरच्या चळवळीचे ऐतिहासिक महत्त्व स्पष्ट करणे, (ई) निवारागृहांच्या आजच्या स्वरूपाची या इतिहासाच्या आधारे चिकित्सा करणे. त्यासाठी कायदे, न्यायनिर्णय, शासकीय योजना आणि प्रकाशित साहित्य यांचा आधार घेऊन ऐतिहासिक व विश्लेषणात्मक पद्धतीचा अवलंब केला आहे.

२. 'नांदणे' आणि 'टाकणे'

विवाहित स्त्रीच्या घराशी असलेल्या संबंधासाठी मराठीत 'नांदणे' हे क्रियापद रूढ आहे. सून नांदते, सासरचे लोक तिला नांदवतात किंवा नांदवत नाहीत. राहण्याचा निर्णय तिच्या हाती नाही, तो दुसऱ्या कोणाच्या तरी इच्छेवर अवलंबून आहे, हे या शब्दप्रयोगातच अनुस्यूत आहे. 'टाकलेली' हा शब्दही तसाच आहे. वस्तू टाकावी तशी स्त्री टाकली जाते, आणि टाकणाऱ्याला मात्र त्या कृतीवरून कोणतेही नाव पडत नाही. 'परित्यक्ता' हा संस्कृत प्रतिशब्द सौम्य वाटला, तरी त्याचा आशय तोच आहे.

दख्खन प्रांतातील जातींच्या रूढींचे जे संकलन आर्थर स्टील याने १८२७ मध्ये सिद्ध केले, त्यात अनेक जातींमध्ये सोडचिठ्ठी व पाट यांना मान्यता असल्याचे आढळते. म्हणजे अनेक शेतकरी व कारागीर जातींत स्त्रीला पहिल्या विवाहातून सुटण्याची आणि दुसरे घर करण्याची वाट होती. ही वाट समान नव्हती. पाटाच्या स्त्रीचा दर्जा लग्नाच्या बायकोपेक्षा खालचा मानला जाई आणि सोडचिठ्ठी देणे बहुधा पती व जातपंचायत यांच्या मर्जीवर अवलंबून असे. तरीही वाट होती. प्रतिष्ठा वाढविण्यासाठी उच्च जातींच्या चालीरीतींचे अनुकरण जसजसे वाढले, तसतशी काडीमोड व पाट यांविषयीची लाज वाढली. परिणामी पुरुषाचे दुसरे लग्न चालू राहिले. स्त्रीचे मात्र दुर्मीळ होत गेले. टाकलेली स्त्री ना सुवासिनी, ना विधवा अशा अवस्थेत माहेरी पडून राहू लागली.

३. निराधारांचे आश्रय : एकोणिसावे शतक

नगर शहर हे अमेरिकन मराठी मिशनचे महत्त्वाचे केंद्र होते. मिशनचे कार्य येथे १८३१ मध्ये सुरू झाले. सिंथिया फरार या मिशनरी शिक्षिकेने १८३९ नंतर येथे मुलींच्या शिक्षणाचे दीर्घकाळ कार्य केले. फुले दांपत्याच्या शैक्षणिक कार्याशीही फरारबाईंच्या शाळेचा संबंध जोडला जातो. स्त्रीशिक्षणाच्या इतिहासात नगरचे हे स्थान सर्वज्ञात आहे. परंतु शाळा ही दिवसाची जागा होती. रात्री स्त्रीने कोठे जावे, या प्रश्नाचे उत्तर शोधणाऱ्या संस्था महाराष्ट्रात त्यानंतर उभ्या राहिल्या.

जोतीराव व सावित्रीबाई फुले यांनी १८६३ मध्ये पुण्यात बालहत्या प्रतिबंधक गृह सुरू केले. ते विधवांसाठी होते. पंडिता रमाबाईंनी १८८९ मध्ये मुंबईत शारदा सदन काढले, तेही मुख्यतः उच्चवर्णीय विधवांसाठी. पुढे १८९० च्या दशकाच्या उत्तरार्धात दुष्काळात सापडलेल्या मुली व स्त्रियांना त्यांनी केडगाव येथील मुक्तिसदनात आश्रय दिला. हे केडगाव पुणे जिल्ह्यातील दौंड तालुक्यातील. नगर शहरालगतच्या केडगावाशी त्याची गल्लत करू नये. महर्षी धोंडो केशव कर्वे यांनी १८९६ मध्ये अनाथ बालिकाश्रमाची स्थापना केली. या सर्व संस्थांचे कार्य थोर आहे, यात संशय नाही. मात्र त्यांच्या दारातून प्रवेश मिळण्यासाठी स्त्री विधवा, अनाथ वा दुष्काळग्रस्त असावी, अशी सर्वसाधारण धारणा होती. पती जिवंत असलेली स्त्री आश्रमात येणे म्हणजे दुसऱ्याच्या संसारात हस्तक्षेप, असे समाजाला वाटे आणि संस्थाचालकांना समाजाच्या देणग्यांवर अवलंबून राहावे लागे. रखमाबाईंच्या खटल्याने (१८८४-१८८८) हा प्रश्न न्यायालयापर्यंत नेला होता. नांदायला जाण्यास नकार देणाऱ्या स्त्रीला तुरुंगवासाची शिक्षा होऊ शकते, हे त्या खटल्याने दाखवून दिले.

अशा स्त्रीचा खरा आश्रय म्हणजे नातेवाईक. याचे एक बोलके उदाहरण नगर जिल्ह्याशी निगडित असलेल्या लक्ष्मीबाई टिळकांच्या 'स्मृतिचित्रे' या आत्मचरित्रात सापडते. नारायण वामन टिळकांनी १८९५ मध्ये ख्रिस्ती धर्म स्वीकारल्यानंतर लक्ष्मीबाईंना सुमारे पाच वर्षे नातेवाइकांच्या आधाराने काढावी लागली. पुढे राहुरी व नगर येथे त्यांचा संसार पुन्हा उभा राहिला. टिळकांचा शीघ्रकोपी स्वभाव आणि त्यांचे वारंवार घर सोडून जाणे यांविषयी लक्ष्मीबाईंनी विनोदाच्या आवरणाखाली पुष्कळ लिहिले आहे. त्यांना घर परत मिळाले. परंतु त्यांचा सारा अनुभव हेच दाखवितो की, पतीच्या घराबाहेर विवाहित स्त्रीला स्वतःची म्हणावी अशी जागा नव्हती. होते ते केवळ आप्तांचे सौजन्य.

४. कायद्याची मर्यादित मदत

स्वातंत्र्याच्या उंबरठ्यावर मुंबई प्रांताने १९४६ मध्ये हिंदू द्विभार्या प्रतिबंधक कायदा केला. १९५५ च्या हिंदू विवाह कायद्याने एकपत्नीत्व देशभर लागू झाले आणि घटस्फोटाचा अधिकारही मिळाला. प्रत्यक्षात मात्र दुसऱ्या लग्नाची प्रथा थांबली नाही. भाऊराव लोखंडे विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९६५ मध्ये असा निर्णय दिला की, दुसरा विवाह आवश्यक धार्मिक विधींनी झाल्याचे सिद्ध झाल्याशिवाय द्विभार्येचा गुन्हा होत नाही. त्यामुळे पहिल्या पत्नीवर एक विचित्र जबाबदारी आली. ज्या लग्नाला तिला कोणी बोलाविले नव्हते, त्यात सप्तपदी झाली होती हे तिने सिद्ध करावयाचे होते. याची दुसरी बाजू १९८८ च्या यमुनाबाई आढाव विरुद्ध अनंतराव आढाव या निर्णयात दिसते. पहिली पत्नी हयात असताना जिच्याशी लग्न झाले, ती फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १२५ खाली 'पत्नी' म्हणून पोटगीस पात्र नाही, असे न्यायालयाने ठरविले. अशा रीतीने एकाच पुरुषाच्या दोन विवाहांत पहिली स्त्री पुराव्याअभावी आणि दुसरी व्याख्येअभावी न्यायापासून वंचित राहू शकत होती.

पोटगीची रक्कम हा आणखी एक मुद्दा. १९५५ मध्ये पोटगीची कमाल मर्यादा दरमहा ५०० रुपये ठरली. १९७३ च्या संहितेतही ती कायम राहिली आणि केंद्रीय कायद्यातील ही मर्यादा २००१ मध्ये रद्द झाली. जवळजवळ अर्धशतक महागाई वाढत होती, पण टाकलेल्या स्त्रीच्या निर्वाहाचा कमाल आकडा कायद्याच्या पुस्तकात स्थिर होता. शिवाय ही रक्कम निर्वाहापुरती होती. छपराचा विचार तीत नव्हता.

५. ऊस, विडी आणि सातबारा

जिल्ह्याच्या अर्थव्यवस्थेचा विचार केल्याखेरीज हा प्रश्न समजत नाही. प्रवरा परिसरात लोणी येथे १९५० मध्ये उभा राहिलेला सहकारी साखर कारखाना हा देशातील सहकारी साखर उद्योगाचा आरंभबिंदू मानला जातो. कारखान्याचे उत्पादक सभासदत्व उसाच्या शेतीशी जोडलेले असते आणि शेती सातबाऱ्याशी. सातबाऱ्यावर नाव प्रायः पुरुषाचे. त्यामुळे सहकारातून आलेल्या समृद्धीत, म्हणजे भागभांडवल, उसाचे बिल, सोसायटीचे कर्ज आणि मतदानाचा अधिकार यांत शेतकरी स्त्रीचा वाटा पतीच्या नावामार्फत होता. पतीने टाकताच तो एका दिवसात संपत असे. वर्षानुवर्षे त्या रानात राबल्याची नोंद कोणत्याही दप्तरात नसे.

जिल्ह्याच्या पूर्वेकडील पाथर्डी, शेवगाव, जामखेड या अवर्षणप्रवण भागातून ऊसतोडणीसाठी स्थलांतर होते. तेथे चित्र वेगळे, पण आशय समान आहे. मुकादम नवरा-बायकोच्या जोडीला एक 'कोयता' समजतो आणि उचल त्या जोडीवर दिली जाते. एकटी व्यक्ती 'अर्धा कोयता' ठरते. मार खाणारी स्त्री मधेच निघून गेली, तर उचल फिटत नाही. म्हणून तिच्या परतण्यात केवळ सासरचाच नव्हे, तर मुकादमाचाही आर्थिक हितसंबंध असतो. हिंसाचार सोसत राहण्यामागे 'सहनशीलता' हा स्वभावगुण शोधण्यापूर्वी ही रचना पाहिली पाहिजे.

संगमनेर परिसरातील विडी उद्योगात मात्र स्त्रीला हजारी विड्यांच्या हिशेबाने का होईना, स्वतःची मजुरी मिळत असे. ती मजुरी तुटपुंजी होती. पण ती तिच्या हाती येत असे. मजुरी असूनही राहण्यास जागा नाही आणि शिधापत्रिकेवर नाव नाही, हा अनुभव घेणाऱ्या श्रमिक स्त्रियांचा वर्ग या परिसरात होता, ही बाब पुढील चळवळीच्या संदर्भात लक्षणीय आहे.

६. संगमनेरची परित्यक्ता चळवळ

१९८० चे दशक हा महाराष्ट्रातील स्त्रीचळवळीचा महत्त्वाचा टप्पा होता. १९८२ मध्ये पुण्यातील मंजुश्री सारडा यांच्या मृत्यूने सुशिक्षित मध्यमवर्ग हादरला. स्त्रीसंघटनांच्या देशव्यापी दबावामुळे १९८३ मध्ये भारतीय दंडसंहितेत ४९८-अ हे कलम समाविष्ट झाले. टाटा समाजविज्ञान संस्थेने १९८४ मध्ये मुंबई पोलिसांच्या सहकार्याने स्त्रिया व मुले यांच्यासाठी विशेष कक्ष सुरू केला. या काळातील चर्चेचा भर प्रामुख्याने हुंडाबळी व छळ यांवर होता. मृत्यू झाला तर गुन्हा नोंदला जाई. परंतु जिवंत राहून घराबाहेर काढली गेलेली स्त्री ही घटना बातमी ठरत नव्हती.

या पार्श्वभूमीवर संगमनेर येथे समता आंदोलनाच्या कार्यकर्त्यांनी टाकलेल्या स्त्रियांचा प्रश्न हाती घेतला. त्यात अॅड. निशा शिवूरकर यांचा पुढाकार होता. १९८८ मध्ये संगमनेरला परित्यक्ता स्त्रियांची परिषद भरली. 'लढा टाकलेल्या स्त्रियांचा' या पुस्तकात शिवूरकर यांनी पुढे या प्रश्नाची सविस्तर मांडणी केली. याच सुमारास सांगली जिल्ह्यात स्त्रीमुक्ती संघर्ष चळवळीने परित्यक्तांना संघटित केले. शेतकरी संघटनेच्या चांदवड येथील १९८६ च्या महिला अधिवेशनानंतर पत्नीच्या नावे जमीन करून देण्याची 'लक्ष्मीमुक्ती' मोहीम उभी राहिली. प्रेरणा भिन्न असल्या, तरी या सर्व प्रयत्नांचा रोख एकाच ठिकाणी होता : स्त्रीचे नाव घर, जमीन आणि सरकारी दप्तर यांत आले पाहिजे.

संगमनेरच्या चळवळीचे ऐतिहासिक महत्त्व तीन बाबतींत आढळते. पहिली बाब म्हणजे, जी घटना प्रत्येक कुटुंबात 'नशीब' म्हणून दडवून ठेवली जात असे, तिला तिने सामाजिक प्रश्नाचे स्वरूप दिले. माहेरच्या ओसरीवर एकटी बसलेली स्त्री परिषदेच्या मांडवात आली, तेव्हा तिच्यासारख्या अनेकजणी आहेत हे तिला व गावाला प्रथम दिसले. दुसरी बाब मागण्यांच्या स्वरूपाची आहे. स्वतंत्र शिधापत्रिका, पोटगीची अंमलबजावणी, घर, रोजगार अशा मागण्यांतून परित्यक्तेची ओळख 'कोणाची तरी बायको' या पलीकडे स्वतंत्र नागरिक म्हणून उभी राहिली. शिधापत्रिका येथे केवळ धान्यापुरती नव्हती. ग्रामीण भागात ती रहिवासाचा पुरावा होती. तिसरी बाब अशी की, चळवळीने हे सारे तालुक्याच्या ठिकाणाहून केले. त्यामुळे प्रश्नाची मांडणी शहरी सदनिकेतील नव्हे, तर वाडी-वस्तीवरील स्त्रीच्या जीवनाला धरून झाली.

या वातावरणाचा परिणाम राज्याच्या धोरणावरही झाला. १९९३ मध्ये राज्य महिला आयोग स्थापन झाला. १९९४ मध्ये महाराष्ट्राने स्वतंत्र महिला धोरण जाहीर केले आणि त्याच वर्षी हिंदू वारसा कायद्यातील राज्यदुरुस्तीने मुलीला एकत्र कुटुंबाच्या मिळकतीत जन्मतः हक्क दिला. माहेर हा टाकलेल्या स्त्रीचा एकमेव आश्रय होता, हे लक्षात घेता या दुरुस्तीचे मोल मोठे आहे. भावाच्या मर्जीने मिळणारी ओसरी आणि वडिलोपार्जित घरातील हिस्सा यांत मूलभूत फरक आहे. मात्र भावांच्या नावे हक्कसोड करून देण्याच्या प्रथेमुळे हा हक्क पुष्कळदा कागदावरच राहिला.

७. निवारागृहे : नवा कायदा, जुनी समजूत

'कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचे संरक्षण अधिनियम, २००५' हा २६ ऑक्टोबर २००६ पासून अमलात आला. शारीरिक, लैंगिक, शाब्दिक व भावनिक छळाबरोबर आर्थिक छळालाही त्याने हिंसाचार मानले. मालकी असो वा नसो, स्त्रीला सामायिक घरात राहण्याचा हक्क कलम १७ ने दिला. 'नांदवणे' हा शब्द ज्या अधिकारावर उभा होता, त्यालाच या कलमाने प्रथम कायदेशीर छेद दिला. तरुणा बत्रा प्रकरणात (२००६) सर्वोच्च न्यायालयाने या हक्काचा अर्थ संकुचित केला होता आणि सासूच्या मालकीच्या घरात सुनेला असा हक्क नाही असे म्हटले होते. सतीशचंद्र आहुजा विरुद्ध स्नेहा आहुजा (२०२०) या निर्णयाने ती भूमिका दुरुस्त झाली. सासऱ्याच्या नावावरील वाड्यात वा वस्तीवरील घरात नांदणाऱ्या ग्रामीण सुनेसाठी हा बदल विशेष महत्त्वाचा आहे.

जिल्ह्यात याच कालखंडात स्वयंसेवी संस्थांचे उल्लेखनीय कार्य उभे राहिले. डॉ. गिरीश कुलकर्णी यांनी १९८९ मध्ये स्थापन केलेल्या 'स्नेहालय' संस्थेचा आरंभ देहविक्रय करणाऱ्या स्त्रियांच्या मुलांपासून झाला. पुढे तिचे कार्य एच.आय.व्ही.बाधित आणि अत्याचारपीडित स्त्रियांपर्यंत विस्तारले. डॉ. राजेंद्र व डॉ. सुचेता धामणे यांच्या 'माउली सेवा प्रतिष्ठान'ने १९९८ पासून रस्त्यावर सापडलेल्या मनोरुग्ण स्त्रियांना आधार दिला. जामखेड येथे डॉ. रजनीकांत व डॉ. मेबल आरोळे यांनी १९७० मध्ये सुरू केलेल्या सर्वंकष ग्रामीण आरोग्य प्रकल्पाने वेगळा मार्ग दाखविला. तेथे गावातीलच, पुष्कळदा दलित व निरक्षर स्त्रिया आरोग्यसेविका झाल्या. ज्ञान व मान मिळालेली स्त्री गावातच उभी राहू शकते आणि तिच्याभोवती जमणारे महिला मंडळ हाही एक निवारा असतो, हे या प्रयोगाने सिद्ध केले.

शासकीय योजनांकडे वळल्यास जुन्या समजुतीचा प्रभाव स्पष्ट दिसतो. १९६९ ची अल्पमुदत निवास योजना व २००१-०२ ची स्वाधार योजना यांच्या एकत्रीकरणातून स्वाधार गृह योजना आकारास आली. तिच्या नियमांनुसार घरगुती हिंसाचारपीडित स्त्रीला एक वर्षापर्यंत, तर इतर संकटग्रस्त स्त्रियांना तीन वर्षांपर्यंत राहता येत असे. या भेदामागील गृहीतक उघड आहे : जिला नवरा आहे, तिला घर आहे, तिने लवकर परतावे. मुलांपैकी मुलींना अठरा वर्षांपर्यंत, पण मुलग्यांना आठ वर्षांपर्यंतच सोबत ठेवण्याची मुभा होती. नऊ वर्षांच्या मुलाच्या आईपुढे त्यामुळे मूल किंवा निवारा असा पर्याय उभा राही. २०१५ मध्ये सुरू झालेल्या 'सखी' केंद्रांतील निवास तर मुळातच काही दिवसांपुरता आहे. २०२२ मध्ये 'मिशन शक्ती'अंतर्गत स्वाधार व उज्ज्वला योजनांचे 'शक्ती सदन'मध्ये विलीनीकरण झाले. योजनेचे नाव बदलले, तरी मदतीच्या मुदतीमागील ही समजूत तपासून पाहण्याची गरज कायम आहे.

२००५ च्या कायद्यानुसार अर्जाचा निकाल शक्यतो साठ दिवसांत लागावा अशी अपेक्षा आहे. प्रत्यक्षात प्रकरणे त्याहून पुष्कळ अधिक काळ चालतात. म्हणजे निवाऱ्याची मुदत संपते, पण ज्या हक्कासाठी ती स्त्री थांबली होती, तो पदरी पडलेला नसतो. संरक्षण अधिकाऱ्यांच्या नेमणुका व निवारागृहांची उपलब्धता यांसाठी सर्वोच्च न्यायालयाला २०२५ मध्ये राज्यांना निर्देश द्यावे लागले, यावरून अंमलबजावणीची स्थिती ध्यानात येते. त्यात अंतराचा प्रश्न आहे. अकोले तालुक्यातील आदिवासी पाड्यावरून जिल्ह्याचे ठिकाण शंभर किलोमीटरहून दूर आहे. अंगावरच्या कपड्यांनिशी निघालेल्या स्त्रीला तेवढे अंतर कापणे कितपत शक्य आहे, याचा विचार नियोजनात झाला पाहिजे.

पाचव्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणानुसार (२०१९-२१) महाराष्ट्रातील १८ ते ४९ वयोगटातील विवाहित स्त्रियांपैकी सुमारे २५ टक्के स्त्रियांनी वैवाहिक हिंसाचार अनुभवला होता. देशपातळीवर हिंसाचार सोसलेल्या स्त्रियांपैकी केवळ १४ टक्के स्त्रियांनी मदत मागितली. ज्यांनी मागितली, त्यांनी ती प्रामुख्याने स्वतःच्या माहेरकडे मागितली. पोलीस, वकील वा संस्था यांच्यापर्यंत फार थोड्या पोहोचल्या. लक्ष्मीबाई टिळकांच्या काळानंतर शतक उलटले, तरी बहुसंख्य स्त्रियांच्या दृष्टीने नातेवाईक हाच निवारा राहिला आहे.

८. निष्कर्ष

१) महाराष्ट्रातील आश्रयसंस्थांच्या इतिहासात 'निराधार' ही संकल्पना पतीच्या अस्तित्वावरून ठरत आली. त्यामुळे घरगुती हिंसाचाराला बळी पडलेली विवाहित स्त्री संस्थात्मक मदतीच्या कक्षेत सर्वांत उशिरा आली.

२) अहमदनगर जिल्ह्यात सातबारा, कारखान्याचे सभासदत्व आणि ऊसतोडणीची उचल या आर्थिक रचनांनी स्त्रीला पतीमार्फतच ओळखले. हिंसाचार सोसत राहण्याची कारणे या रचनांत शोधली पाहिजेत.

३) संगमनेरच्या चळवळीने परित्यक्तेच्या प्रश्नाची मांडणी दयेऐवजी हक्काच्या भाषेत केली. हे तिचे योगदान जिल्ह्याच्या व राज्याच्या सामाजिक इतिहासात नोंदले जाणे आवश्यक आहे.

४) निवारागृहातील वास्तव्याची मुदत वर्षांत न मोजता स्त्रीचा निवास, पोटगी वा मिळकतीचा हक्क प्रत्यक्ष पदरी पडेपर्यंत धरली जावी. मुलाच्या वयाची अट शिथिल व्हावी आणि तालुका स्तरावर निवाऱ्याची सोय व्हावी.

निवारागृहांमुळे संसार मोडतात, असा आक्षेप अनेकदा घेतला जातो. येथे मांडलेला इतिहास त्याला पुष्टी देत नाही. निवारागृहे नव्हती, त्या काळातही स्त्रिया टाकल्या जात होत्या. फक्त त्यांची मोजदाद होत नव्हती. स्त्री निवारागृहाच्या दारी येते, तेव्हा तिचे घर बहुधा आधीच तिच्या हातून गेलेले असते. ते घर किंवा त्याच्या बदल्यातील दुसरे छप्पर तिच्या स्वतःच्या नावे मिळवून देणे, हेच निवाऱ्याचे खरे प्रयोजन ठरावे.